आमच्या व्याह्यांचं पोट

आमच्या व्याह्यांइतकी दुसऱ्याच्या पोटाची काळजी वाहिलेला माणूस देहूरोडपासून खंडाळ्यापर्यंत दुसरा झाला नाही, आणि व्हायची शक्यताही नाही. पोटाची म्हणजे लोकांना खायला मिळतं की नाही याची नव्हे. ती काळजी करणारे पुष्कळ असतात. खाल्लेलं वेळच्या वेळी बाहेर पडतं की नाही, याची. आमच्या सुजाताला बघायला ही मंडळी कार्ल्याहून लोणावळ्याला आमच्या घरी आली, तेव्हाचंच सांगतो. मुलाने शिक्षण विचारलं. मुलाला आई नव्हती, म्हणून त्याच्या मावशीने स्वयंपाकाचं विचारलं. मुलाचे वडील मात्र तासभर गप्प. देहूरोडच्या लष्करी डेपोत उभा जन्म पेट्या उचललेला, पांढऱ्या मिशांचा दणकट गडी. मला वाटलं, हे आता मानपानाचं काही तरी मोठं काढणार. शेवटी खाकरून म्हणाले, "गुरुजी, येक इचारू का? पोरीला सकाळचं साफ व्हतं का?" आमच्या हिच्या हातातली पोह्यांची बशी हातातच राहिली. मी शाळेत चित्रकला शिकवलेला माणूस, जेवताना कुणी शिंकलं तरी मला चालत नाही. पण मुलीचा बाप पडलो. "होतं," म्हणालो. "मग झालं तर," म्हणाले, "सैपाक काय, आमी शिकवू. पोट साफ नसलं का मानूस घरात भांडतंय." आणि तिथल्या तिथे लग्न ठरलं.

पुढे कळलं, की हा प्रश्न खास आमच्यासाठी नव्हता. तो एसटीच्या कंडक्टरला होता, तलाठ्याला होता, विहारात आलेल्या पाहुण्या भन्तेजींनासुद्धा होता. सगळं गाव त्यांना आबा म्हणतं, म्हणून मीही म्हणतो. तर आबा कुणाच्याही रागाचा राग मानत नसत. एखादा अंगावर आला की "आडकलंय बिचाऱ्याचं" म्हणून कळवळत. डेपोतला एक साहेब सगळ्यांवर खेकसायचा, तर यांनी त्याच्या टेबलावर एरंडेलाची बाटली नेऊन ठेवली. साहेबाने आधी मेमो दिला आणि आठवड्याने निरोप पाठवून दुसरी बाटली मागवली. खांद्याच्या पिशवीत मनुका, इसबगोल आणि त्रिफळा चूर्ण कायम असायचं. एकदा आम्ही सगळे भुशी धरणावर गेलो होतो. तिथे पायऱ्यांवर बसून मॅगी खाणाऱ्या पोरींपुढे हे उभे राहिले आणि म्हणाले, "मैदा हाय त्यो. आतड्याला खळीवानी चिकटतोय." पोरींनी बश्या खाली ठेवल्या. टपरीवाली मावशी झारा घेऊनच बाहेर आली. "आबा, तुमी खाऊ नगा, पर माजं गिऱ्हाईक का पळवताय?" आबांनी तिला मूठभर मनुका दिल्या आणि रात्री भिजत घालायला सांगितलं. मी दहा पावलं मागे, यांचा आपला काही संबंध नाही अशा चेहऱ्याने धरणाकडे बघत उभा. परतताना त्यांनी मला शास्त्र समजावलं, "गुरुजी, आतडं म्हंजी आपला खंडाळ्याचा घाट हाय. खाली येक गाडी बंद पडली, का वर लोणावळ्यापातूर रांग."

हसायचो मी, घरी येऊन नक्कलही करायचो. पण त्या सगळ्या चौकशीच्या मुळाशी भीती होती. त्यांचा थोरला भाऊ पोट फुगून गेला. कितीतरी दिवस होत नव्हतं आणि तो कुणाला बोलला नाही. पुण्याला नेला तेव्हा आतड्यात गाठ निघाली, आणि उशीर झाला होता. "गाठीनं न्हाई, लाजंनं मेला माजा भाऊ," असं आबांनी मला एकदाच सांगितलं.

गेल्या वर्षी सुजाताने आणि जावयांनी कार्ल्याच्या घराच्या पुढच्या दोन खोल्या पर्यटकांना राहायला द्यायचं ठरवलं. हौस सगळी सुजाताची. पडदे तिने निवडले, भिंतींवर वारली चित्रं मी काढली. अडचण एकच होती. घराला संडास एक, तो मागच्या अंगणात, आबांनी डेपोत नोकरीला असताना स्वतःच्या हाताने बांधलेला, उकिडवं बसायच्या जुन्या भांड्याचा. मुंबईच्या पाहुण्यांना तसं बसता येत नाही. सुजाताने मला फोन केला, "बाबा, कमोड बसवू का? आबांना विचारायला हवं ना?" मी भिंतीचा रंग ढवळत होतो. म्हणालो, "त्यात काय विचारायचंय? बसव की." एवढंच म्हणालो मी.

यंदा श्रावणात एका दुपारी आबा न कळवता आमच्या दारात उभे राहिले. "जयभीम गुरुजी," म्हणाले, पण आवाजात दम नव्हता. जेवायची वेळ होती. हिने पान मांडलं, तर त्यांनी भाकरीचा तुकडा मोडला आणि तसाच ठेवला. ही आत गेल्यावर माझ्या कानाशी आले. "आज आकरावा दिस, गुरुजी." मला आधी कळेचना. "कोणाचा?" विचारलं. तर त्यांनी पोटावर हात ठेवला. पोट ढोलासारखं ताणलेलं. "दोन दिस नुसतं पानी जातंय. पर आतलं दगाड हाय तितंच हाय. मळमळतंय. भावाचं असंच झालतं." आणि माझं मनगट धरून म्हणाले, "पोरान्ला सांगू नगा." अहो, ज्या माणसाने सगळ्या मावळाला लाजू नका म्हणून सांगितलं, तो अकरा दिवस तोंड दाबून बसला होता.

रिक्षा करून दवाखाना गाठला. डॉक्टर तरुण बाई होत्या. "आजोबा, किती दिवस झाले?" त्यांनी विचारलं. आबांनी छताच्या पंख्याकडे बघत सांगितलं, "आसतील तीनचार." मी ओरडलो, "अकरा! अकरा दिवस झालेत, आणि खोटं काय बोलताय?" व्याह्यांवर आवाज चढवण्याची माझी ती पहिलीच वेळ. एक्स-रे निघाला. बाईंनी तो उजेडात धरला, आणि उजव्या कुशीतून वर, तिथून आडवं, मग डावीकडून खाली, सगळ्या मोठ्या आतड्यात ठिपक्या-ठिपक्यांचं काहीतरी गच्च भरलेलं मला दिसलं. "हा सगळा मळ आहे," त्या म्हणाल्या. "शेवटी खडा होऊन बसलाय. पातळ जातंय ते त्याच्या कडेने झिरपतंय. आधी हे मोकळं करू. मग दुर्बिणीने आतून बघू, मागे काही गाठ वगैरे नाही ना ते." गाठ हा शब्द ऐकून आबांनी डोळे मिटले. बाईंनी विचारलं, "जावंसं वाटायचं तेव्हा दाबून धरायचात का?" आबांनी सदऱ्याची बटणं लावायला घेतली.

दोन दिवस एनिमा आणि औषधं झाली. ते सगळं काही मी सांगत बसत नाही; इतकंच सांगतो, की नर्सबाईंपुढे आबांनी डोक्यावरून चादर ओढून घेतली होती. जावई कामाने बाहेरगावी होते. सुजाताला मी पोटदुखी म्हणून कळवलं, तरी पोर धावत आलीच, आणि डबे घेऊन फेऱ्या घालत होती. तिसऱ्या दिवशी दुर्बिणीची तपासणी झाली आणि बाई नंतर सांगते म्हणून दुसऱ्या पेशंटकडे गेल्या. आम्ही दोघं बाकावर. सुजाता औषधं आणायला खाली गेलेली. "आलंच आसंल तसलं काय, तर मला पुन्याला न्हेऊ नगा," आबा म्हणाले. मी म्हटलं, "गप्प बसा हो." मग राहवेना. विचारलं, "का दाबून धरलंत, आबा?"

आबा सांगू लागले. "त्या खुर्चीच्या संडासावर मला न्हाई व्हत, गुरुजी. पाय लोंबतेत. तरी बसायचो. पर पावनं पहाटंपास्नं आत. मोबाईल घेऊन बसतेत तासतास. त्यान्ला काय म्हनायचं, भाईर या म्हनून? पोरीनं येवढं हौसंनं मांडलंय. म्हनलं, आपलं काय, मागनं जाऊ. मागनं मागनं करता येळ निघून जायाची. मग यायाचंच बंद झालं."

मी म्हटलं, "ते जुनं भांडं काढायला सुजाताला मीच सांगितलं होतं. तुम्हाला न विचारता."

"म्हाईत हाय मला. पोरीनं तवाच सांगितलं, बाबा हो म्हनले म्हनून."

"मग एक शब्द बोलायचात! भन्तेजींना विचारता, साहेबाला विचारता, मला सांगायला काय झालं होतं?"

"व्याह्याचा शब्द मोडायचा व्हय?" आबा म्हणाले. मुलाचा बाप असून हा माणूस माझा मान राखत होता, आणि त्यापायी जीव जायची वेळ आली होती. मला रडू आलं. त्या बाकावर, येणाऱ्या-जाणाऱ्यांसमोर, सरळ रडलो मी.

गाठ नव्हती. बाईंनी येऊन सांगितलं, तेव्हा आबांनी दोन्ही हात जोडले. आतडं ताणलं गेलंय, म्हणाल्या, पूर्ववत व्हायला महिने लागतील, आणि आता आलेली कळ एकदाही दाबायची नाही. बाहेर पडताना आबांनी मला बजावलं, "पोरीला यातलं काय बोलू नगा. ती पावनं बंद करंल." मी मान डोलावली आणि संध्याकाळी सगळं सुजाताला सांगून टाकलं. ती रडली, माझ्यावर चिडली. आठवड्याच्या आत मागच्या अंगणात आबांपुरता वेगळा संडास उभा राहिला, जुन्या पद्धतीच्या भांड्याचा. आबांना मात्र माझा राग आला असावा. दीड महिना ते लोणावळ्याला फिरकले नाहीत.

आता येतात. जेवतात, माझ्या नव्या चित्रांना बरं म्हणतात, चारच्या एसटीने परत जातात. निघताना फाटकाशी मी हळूच विचारतो, "आबा, तब्येत?" ते हसतात आणि म्हणतात, "लय बरं हाय, गुरुजी." गाडी वळणावर दिसेनाशी होते तरी मी तिथेच उभा असतो. खरंच बरं आहे, की मला बरं वाटावं म्हणून म्हणाले, हे मला अजून ओळखता येत नाही.