चक्कीवाल्याला पिठाची पिशवी

"काका, पिशवी जरा वर. छातीपाशी धरा. आणि हसा ना!"

स्टेजवरची पोरगी असं बोलली आणि मी हसलो. पाच किलो पिठाची पिशवी छातीशी धरून. एक्केचाळीस वर्षं वाकोल्यात पिठाची गिरणी चालवतोय मी. आणि मला पीठ दान.

बोलावताना म्हणाले होते, जुन्या दुकानदारांचा सत्कार. म्हणून इस्त्रीचा शर्ट घालून गेलो. कार्यक्रम ठेवणारे शेठ माईकवर बोलले, "ही दुकानं मी धंद्यासाठी घेत नाही. वस्तीसाठी घेतो. इथं फुकट दवाखाना होईल." टाळ्या. मीपण वाजवल्या, पिशवी काखेत मारून. सांगायला लाज वाटते. पण वाजवल्या.

आमच्या ओळीत सात गाळे. त्यातले सहा या शेठनी विकत घेतले. दत्ताची लाँड्री पहिली गेली. दवाखाना तिथंच होणार होता. लाँड्री घेऊन दोन दिवाळ्या झाल्या, आत एक खाटसुद्धा आली नाही. सहाही शटरं खाली, सहाही कुलुपं सारखी, नवी कोरी. मधे माझी गिरणी, बोळक्या तोंडात एकच दात उरावा तशी. हल्ली गिरणी बंद केली की दोन्ही बाजूंनी ठकठक ऐकू येते. पुढून कुलूप, मागून शेठची माणसं शिरतात, भिंती ठोकतात. माझ्या भिंतीला वरून खालपर्यंत चीर गेलीय.

सत्कारानंतर तिसऱ्या दिवशी नाक्यावर बोर्ड लागला. माझा फोटो, पिशवीसकट. खाली मोठ्या अक्षरांत, 'निराधार दुकानदारांना आधार. सात गाळे वस्तीच्या सेवेत.' मी दुसरी पास. अक्षराला अक्षर जोडून वाचतो. 'सात' दोनदा वाचलं.

दळणाचे डबे येईनात. मागच्या चाळीतली सुमन रिकाम्या हातानं दारात आली.

"काका, तुम्हीपण विकलंत? मी गहू दुसरीकडे टाकले."

"कोण बोललं विकलं?"

"तुम्हीच तर हसताय बोर्डावर!"

दत्ता ओट्यावर बसला होता. म्हणाला, "सोड ना रे. एकटा किती टिकणार तू?"

"तुझा दवाखाना कुठाय?" मी विचारलं. तो उठून गेला.

मग मी ती पिशवी फोडली. पीठ चिमटीत घेऊन चोळलं. जळकं, जुनं, मेलेलं. माझ्या दगडाखालून असलं निघालं असतं तर गिऱ्हाइकाला तोंड दाखवलं नसतं. आणि हे मी छातीशी धरलं होतं.

स्टोव्हवर त्याच पिठाची खळ शिजवली. मोठ्या कागदावर स्वतःच्या हातानं लिहिलं, 'ही गिरणी विकलेली नाही. चालू आहे. डबे आणा.' भरदुपारी नाक्यावर स्टूल लावून चढलो आणि माझ्या हसऱ्या तोंडावर तो कागद चिकटवला.

खाली बाइकवर एक माणूस. त्यानं माझा फोटो काढला. अगदी शांतपणे म्हणाला, "काका, वय झालं तुमचं. पडाल."

"पडलो तर माझ्या गिरणीत पडेन."

काल दोनदा वीज गेली. फक्त माझी. चिरेत आता बोट जातं.

आज सकाळी वरचा दगड उतरवला. टाकी लावायला घेतलीय, म्हणजे छिन्नीनं दगडाला नवी धार. जायचं असतं तर हे काम काढलं नसतं. भिंतीपलीकडून ते ठोकतायत. अलीकडून मी.