बाबलीच्या सुरातली पेटी

सत्यवान पायपेटी वाजवायचा. मालवणात त्यांचा चौघांचा ताफा होता: दत्तारामचं फिडल, गंगारामचा तबला, बाबलीची क्लॅरोनेट आणि ही पेटी. लग्न असो, नाटक असो की निवडणुकीची सभा, चौघे हजर. एकदा मंत्री बोटीतून उतरेपर्यंत वाजवायचं म्हणून धक्क्यावर बसले. मंत्री आलेच नाहीत. वाजवणं तेवढं झालं.

बाबलीची क्लॅरोनेट गोव्याहून जुनीच घेतलेली, मोडल्यावर कापून आखूड केलेली. त्यामुळे तिचा सूर चढा.

"माझी काठी काय खाली येवची नाय. तुझ्या पेटयेक वर चढय," बाबली हसत म्हणाला.

सत्यवानाने पेटीतल्या पितळी पट्ट्या टोकाशी कानशीने खरवडल्या आणि तिला त्याच्या सुरात आणलं.

अठ्ठावन्न साली बाबली तापाने गेला. क्लॅरोनेट त्याच्याबरोबरच चितेवर ठेवली. तिघे मात्र त्याच सुरात वाजवत राहिले, आणि गाणं रंगात आलं की वरून चौथा सूर ऐकू यायचा.

"आयकलंस?" पहिल्यांदा गंगारामने विचारलं.

"तू वाजय," दत्ताराम म्हणाला.

पुन्हा कुणी तो विषय काढला नाही. बाबलीची बायको यशोदा तेवढी बोलावणं नसतानाही मागे येऊन बसू लागली.

चौसष्ट साली रेडिओवरून बोलावणं आलं. अट एकच, सूर प्रमाणित हवा, चढा चालणार नाही.

"काय मरेपर्यंत लग्नातच वाजयतलंस?" दत्तारामने विचारलं.

जायचं तर सत्यवानालाही होतंच. त्याने पट्ट्या मुळाशी खरवडून सूर उतरवला. हात मात्र चोरी केल्यासारखा चालत होता.

दुपारी दत्तारामच्या पडवीत तालमीला बसले. तिघांचा सूर स्वच्छ लागला. मग वरून क्लॅरोनेट आली, जुन्याच सुरात. आता ती बेसूर होती. एक स्वर धरायची, सोडायची, पुन्हा चाचपत यायची. अंधारात दाराची कडी शोधावी तशी. गंगारामचा हात तबल्यावर तसाच राहिला.

यशोदा पायरीवर उभी होती.

"भावजी," ती सत्यवानाला म्हणाली, "तेंका एकट्यांक सोडू नकात."

"वयनी, रेडिओ..." दत्ताराम बोलू लागला आणि त्याने फिडल खाली ठेवलं.

सत्यवानाने पेटी उघडली आणि कानस मागितली.

रेडिओवर ते कधी गेले नाहीत. पुढच्या आठवड्यात कट्टा गावी लग्न होतं. तिघांनी जुना सूर लावला. बाबली यायला त्या दिवशी जरा वेळ लागला. रुसला असावा, असं सत्यवानाला वाटलं.