इटालियन कमी पडतोय

टोकियोजवळच्या ग्योतोकुला येऊन दोन वर्षं झाली. मुलगा शाळेत रुळला आणि नवरा ऑफिसात इतका रुळला, की घरी पाहुण्यासारखा येऊ लागला. मग मीही अरुबाइतो, म्हणजे अर्धवेळ काम, शोधायला लागले. शेजारच्या इमारतीतली मैत्रीण म्हणाली, टीव्ही मालिकांना गर्दीत उभं राहायला परदेशी चेहरे लागतात. माझा चेहरा परदेशी आहे हे तोवर मला कुणी सांगितलं नव्हतं. पहिल्याच दिवशी मला ब्राझीलची पर्यटक केलं. पुण्यात आईने अख्ख्या सोसायटीला तो भाग बघायला लावला. त्यात माझा डावा खांदा दिसला.

तिथेच ते इटालियन गृहस्थ भेटले. साठीकडे झुकलेले, उंच, जपानी बायको, योकोहामात घर. आमच्यासारखे गर्दीतले नव्हते, नट होते. म्हणजे त्यांना दोन-तीन वाक्यं असायची. तीस वर्षांत त्यांनी अमेरिकन जनरल केला, फ्रेंच आचारी केला, रशियन हेर केला आणि एक राजदूत केला, तो कुठल्या देशाचा हे त्यांनाही कुणी सांगितलं नाही. बहुतेकदा ते पहिल्याच भागात मरत. आपण मेल्याशिवाय कथा पुढे सरकत नाही, असं ते अभिमानाने सांगत. इटालियन मात्र एकदाही झाले नव्हते.

जपानी ते असं बोलत, की स्टेशनवरच्या घोषणेने लाजावं. पण परदेशी माणूस नीट बोलला तर प्रेक्षक गोंधळतात म्हणे, म्हणून कॅमेऱ्यासमोर मोडकंतोडकं बोलावं लागे. माझं जपानी मुळातच मोडकं. ते माझ्याशेजारी बसून माझे उच्चार वहीत टिपून घेत. गुरू म्हणून माझी तेवढीच कारकीर्द.

आणि मग त्यांना इटालियनाची भूमिका मिळाली. योकोहामातल्या एका जुन्या दगडी इमारतीचं रोम केलं होतं. ते खानावळीचे मालक, मी कोपऱ्यात गार पास्ता खाणारं गिऱ्हाईक. नायिका आत येते, हे तिचं स्वागत करतात, इतकाच प्रसंग. तालीम झाली. दिग्दर्शक तरुण आणि फार विनम्र. त्याने कमरेत वाकून सांगितलं, "उत्तम झालं. फक्त इटालियन थोडा कमी पडतोय."

हात हलत नव्हते, ही तक्रार. त्यासाठी एक शिक्षिका बोलावून ठेवलेलीच होती. पंचविशीची जपानी मुलगी, मिलानला आठ महिने केक शिकून आलेली. तिने त्यांच्यासमोर उभं राहून पाची बोटांची चिमूट केली आणि मनगटातून नाही, खांद्यापासून हलवायची, असं शिकवलं. ते प्रत्येक वेळी "हाय, सेन्सेई", म्हणजे "हो, बाई", म्हणून मान लववत आणि पुन्हा करून दाखवत. त्यांचं गाव डोंगरातलं. तिथे थंडीपायी लोक हात खिशातून बाहेर काढत नाहीत, हे त्यांनीच मला कधीतरी सांगितलं होतं.

माझंच डोकं तापलं. जेवणाच्या सुट्टीत मी विचारलं, "तुम्ही काहीच का बोलला नाहीत?"

त्यांनी बेंतोच्या डब्यातला भात नीट चावून खाल्ला. मग म्हणाले, "ती आठ महिने तिथे राहून आली आहे. मी तीस वर्षांत चार वेळा गेलो. तिलाच जास्त ठाऊक असणार."

ते हसले नाहीत. त्यामुळे हसावं की नाही, हे मलाही कळेना.

दुपारी त्यांनी दोन्ही हात असे फिरवले, की टेबलावरचा पेला पडला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. पेला पडला ते फारच इटालियन झालं, असं दिग्दर्शक म्हणाला. मग त्यांना तशाच भूमिका येऊ लागल्या. त्यांच्या म्हाताऱ्या आईने व्हिडिओ कॉलवर विचारलं, हाताला काय झालंय, डॉक्टरला दाखवलंस का?

मी बरेच दिवस हे सगळ्यांना तिखटमीठ लावून सांगत होते. मग मला पहिलं वाक्य मिळालं. करीच्या दुकानाची भारतीय मालकीण, वाक्य एकच : "तिखट चालेल ना?" मी ते म्हटलं. माझी मान पुरेशी हलत नाही, असं मला अतिशय आदराने सांगण्यात आलं. तत्त्वाचा प्रश्न म्हणून मी बाहेर जाऊन इटालियन गृहस्थांना फोन लावला.

"वाद घालू नका," ते म्हणाले. "किती वेळा हलवायची, एवढंच विचारून घ्या."

मी विचारलं. चार वेळा, असं उत्तर आलं. मी पाच वेळा हलवली.

परवा भेटले तेव्हा खुशीत होते. बेटावरच्या पाद्र्याची भूमिका मिळाली आहे, ऐतिहासिक मालिकेत, आणि या वेळी मरायला पूर्ण दीड मिनिट दिलं आहे. इतका वेळ आजवर कुणीच दिला नव्हता, असं ते म्हणाले. मी त्यांचं अभिनंदन केलं, अगदी मनापासून.