डाव्या हाताचं बोलणं

शिवराज हैदराबादच्या आबिड्समधल्या एका हॉटेलात बावीस वर्षं पियानो वाजवत. ही विद्या सिकंदराबादच्या रेल्वे क्लबातली, एका म्हाताऱ्या गोवेकर बँडमास्तरानं शिकवलेली. बायको इंदुताई विद्यानगरच्या मराठी शाळेत शिकवायच्या. त्या सकाळी बाहेर पडायच्या तेव्हा नवरा झोपलेला, तो संध्याकाळी निघायचा तेव्हा यांच्या मांडीवर तपासायच्या वह्या. मूलबाळ झालं नाही. भांडण कधी नव्हतं, पण बोलणंही नव्हतं.

चौऱ्याण्णव साली हॉटेल नव्या मालकानं घेतलं. पियानोच्या जागी केबलचा मोठा टीव्ही आला. "हे धूड घरी घेऊन जा," तो म्हणाला. शिवराजांनी टेम्पो करून पियानो घरी आणला आणि दोन महिन्यांत त्यांना झटका आला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. उरला हैदराबादी वळणाचा एकच शब्द, "नक्को." पाणी हवं असलं तरी नक्को, आणि इंदुताई शाळेतून आल्या की आनंदानंही नक्कोच.

एका रविवारी शिवराजांनी पियानोकडे बोट केलं. इंदुताईंनी त्यांना धरून बाकावर बसवलं. त्यांनी डाव्या हातानं तीन सूर एकदम दाबले, पुन्हा दाबले, मग बायकोचा हात ओढून वरच्या पट्ट्यांवर ठेवला.

"अहो, मला कुठं येतं? भजनापुरती पेटी वाजवते तेवढीच."

"नक्को!" ते चिडले आणि पांढऱ्या पट्ट्यांवर बोट आपटत गेले.

इंदुताईंनी सारेगम वाजवलं. शिवराजांनी नकारार्थी मान हलवली आणि तेच सूर उलटेसुलटे, मनाला येतील तसे वाजवून दाखवले. मग इंदुताईंच्या ध्यानात आलं, गाणं बसवायचंच नाही. हे सात सूर आपले, त्यांत हवं तिथं हिंडायचं, आणि खालचा हात बदलला की त्यातल्या एखाद्या सुरावर येऊन टेकायचं. बोट चुकून काळ्या पट्टीवर पडलं तेव्हा त्या हात काढून घ्यायला लागल्या, तर शिवराजांनी ते बोट धरून शेजारच्या पांढऱ्या पट्टीवर सरकवलं.

"चुकलं की शेजारी जायचं, एवढंच?"

दुखण्यानंतर शिवराज पहिल्यांदा हसले.

तेव्हापासून रोज चार वाजता दोघं बसायचे. एक दिवस शिवराजांनी डावा हात धैवतावर नेला आणि तिथंच ठेवला. इंदुताईंची बोटं त्याच पांढऱ्या पट्ट्यांवर फिरत होती, पण आता धैवतच षड्ज झाला होता आणि त्याच्यापासूनचा गंधार कोमल ऐकू येत होता.

"अगंबाई, पट्ट्या त्याच, अन् कसं रडू येतंय बघा."

त्या संध्याकाळी त्यांनी इतक्या वर्षांच्या संसारात न विचारलेलं विचारलं. "तुम्हाला मूल हवं होतं ना हो? कधी बोलला नाहीत."

शिवराज नक्को म्हणाले नाहीत. धैवताचे ते तीन सूर त्यांनी हळूच दाबले, थांबले, परत दाबले. इंदुताईंनी वर एकच सूर लावला, मग दुसरा. बराच वेळ दोघं तसेच वाजवत राहिले. कुणी कुणाची समजूत घातली ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

आठ महिने असे गेले. मार्चमध्ये दुसरा झटका आला. दवाखान्यात इंदुताईंनी त्यांचा डावा हात आपल्या तळहातावर घेतला. "वाजवा ना," त्या म्हणाल्या. करंगळी किंचित हलली, की त्यांनाच तसं वाटलं. चौथ्या दिवशी शिवराज गेले.

तेराव्यानंतर उदगीरहून आलेले नातेवाईक परतले. इंदुताई चार वाजता बाकावर बसल्या. डाव्या हातानं त्यांनी नवऱ्याचे तीन सूर शोधले, ते बरोबर सापडलेही. उजव्या हातानं चार पावलं टाकली. पण डावा आता कधी बदलणार, कुठं जाणार, हे उजव्याला आधीच ठाऊक होतं. वाट बघायला काही उरलं नव्हतं. तरी महिनाभर त्या रोज बसत राहिल्या.

मे महिन्यात त्यांनी पियानो सिकंदराबादच्या एका चर्चला देऊन टाकला. टेम्पोवाला दोर आवळत असताना पट्ट्यांवरचं झाकण उघडलं गेलं आणि त्याचा हात लागून कुठलेतरी, आधी ठाऊक नसलेले दोन-तीन सूर वाजले. "राहू दे बाबा," झाकण लावायला निघालेल्या त्याला इंदुताई म्हणाल्या, आणि आत जाऊन त्यांनी तोंडात पदर कोंबला.