हेमप्रभाबाईंचा सत्कार

उमेळ्याच्या इझाबेलला नाटक कंपनीत हेमप्रभा हे नाव मिळालं आणि पुढे सिनेमाच्या पाट्यांवरही तेच राहिलं. कृष्णधवल चित्रपटांत ती बहुतेक आईच असायची: देवघरापुढे बसलेली, खोकणारी, मुलाची वाट पाहणारी. तिची स्वतःची मुलगी रोझमेरी तेव्हा राजोडीला लुसीमावशीकडे वाढत होती. इझाबेल नाताळला यायची, भुवया कोरलेल्या, अंगाला परका वास, आणि दुसऱ्या सकाळी निघून जायची. ताप आला की रोझमेरीचं डोकं लुसीच्या मांडीवर असायचं.

लुसीने अंथरूण धरलं तेव्हा ब्याऐंशीची इझाबेल मुलीला म्हणाली, "शेवटाला मला तिच्यापाशी ने. एवढं तरी करू दे."

पण त्याच आठवड्यात चंदनसारला सत्कार ठरला. "तासाभराचं तर काम," ती म्हणाली. "तिथूनच राजोडीला जाऊ."

सभागृहात शाल-श्रीफळ झालं. लोकांनी आग्रह केला तशी ती एका जुन्या नाटकातल्या आईचा प्रवेश म्हणू लागली. आवाज अजून शेवटच्या रांगेपर्यंत पोचत होता. तेवढ्यात विंगेत उभ्या असलेल्या रोझमेरीचा फोन वाजला. लुसीचा मुलगा डेन्झिल होता.

"मम्मी तुझ्या आईचंच नाव घेते. आत्ता निघा."

शेजारी जयवंत होता. एकेकाळी कंपनीत पडदा ओढायचा, आता सत्कार करणाऱ्या मंडळाचा अध्यक्ष.

"बाई रंगात आल्यात," तो हळूच म्हणाला. "प्रयोग चालू असताना वाईट बातमी आत सोडत नाहीत. त्यांचे वडील गेले तेव्हा तार मीच खिशात ठेवली होती. पडदा पडल्यावर दिली."

"मग काय म्हणाली?"

"म्हणाल्या, बरं केलंस."

रोझमेरी विंगेतच उभी राहिली. टाळ्या संपल्यावर गाडीत बसताना तिने एवढंच सांगितलं, की मावशीला जास्त झालंय. विरारच्या पुलावर गाड्या खोळंबल्या होत्या.

राजोडीला पोचल्या तेव्हा लुसीची हनुवटी फडक्याने बांधली होती. उशाशी मेणबत्ती लावलेली. रोझरी म्हणणाऱ्या बायका थांबल्या, सरकल्या, आणि इझाबेलकडे पाहत राहिल्या. "पिक्चरमध्ये केवढी रडायची," कोणीतरी कुजबुजलं.

इझाबेल रडली नाही. "कधी?" तिने विचारलं.

"अर्धा तास झाला," डेन्झिल म्हणाला. "मी फोन केला होता ना."

ती रोझमेरीला स्वयंपाकघरात घेऊन गेली.

"जयवंतने अडवलं तुला?"

"तो बोलला. पण त्याच्यामुळे नाही."

"मग?"

रोझमेरीने ओट्याला हात टेकला. "मी येऊन सांगेन आणि तू म्हणशील, एवढं संपू दे. ते मला ऐकायचं नव्हतं."

नाही म्हणायला इझाबेलने तोंड उघडलं. मग तसंच मिटलं. बाहेर बायकांनी थांबलेली प्रार्थना पुन्हा सुरू केली होती.