चौकीवरचा सौदा

वाळवंट मी कधी पाहिलं नाही. पण आफ्रिकेतल्या वाळवंटात, एका चौकीवर माझा सौदा झाला, आणि तो करणाऱ्या दोघांना मी अजून माफ केलेलं नाही.

मोठ्या लढाईत माझा नवरा पलटणीत होता. शेजारच्या वाडीतला त्याचा मित्रही त्याच चौकीवर. लढाई संपायच्या आतच मित्र जखमी होऊन एकटा परत आला. देवळात नारळावर हात ठेवून त्याने सांगितलं, की माझ्या नवऱ्याला त्याने आपल्या हातांनी वाळूत पुरलं. प्रेत नव्हतं, म्हणून दर्भाचा माणूस करून जाळला, तेरावं घातलं. वर्ष सरल्यावर मित्राने मला मागणी घातली. विधवेचं दुसरं लग्न आमच्यात चालतं, त्याला पाट म्हणतात. पाट लावून मी लालबागला आले. तो गिरणीत होता, मागाहून मीही लागले.

खरं सांगते, मला तो आवडला. पहिला तापट, ऊठसूट हात उगारणारा. हा पाळीवरून आला की नळावरचं पाणी भरायचा आणि चाळीतल्या बाप्यांची थट्टा मुकाट ऐकून घ्यायचा. माझा संसार सुखाचा होता.

मग संयुक्त महाराष्ट्राची चळवळ पेटली. एका दुपारी गोळीबार झाला, कर्फ्यू लागला, पोलीस गल्लीत घुसले. मोर्चातली माणसं मिळेल त्या दारात शिरली. जिना चढून आमच्या दारात जो शिरला, त्याला पाहून माझ्या हातातली परात पडली. तो माझा पहिला नवरा होता.

तो मेलाच नव्हता. शत्रूच्या कैदेत होता. सुटून गावी गेला तर सख्ख्या आईने दार लावून घेतलं. ज्याचं तेरावं जेवलो, त्याला घरात कसा घ्यायचा? पाटाचं कळल्यावर तो मुंबईत आला आणि आमच्यापासून दोन गल्ल्यांवर इतकी वर्षं गप्प राहिला.

मला वाटलं, आता डोकी फुटणार. कसलं काय! दोघे चहा पीत बसले आणि गप्पांतून सगळं बाहेर आलं. मित्राचं मन आमच्या लग्नापासूनच माझ्यावर होतं. चौकीवर ते त्याच्या तोंडून निघून गेलं, तेव्हा पहिल्याने त्याचा दात पाडला. पुढे समेट झाला, तो असा: जो जिवंत परतेल, त्याची ती. पुरलंबिरलं काही नव्हतं. माघार घेताना मित्राने त्याला पडलेला पाहिला होता, इतकंच. पाट लागावा म्हणून नारळावर खोटी शपथ घेतली. हे सांगताना दोघे हसले. एकाने दुसऱ्याला तंबाखू मळून दिली. खाली मुंबई कुणाची म्हणून माणसं मरत होती आणि वर हे दोन शिपाई मी कुणाची ते बघत होते. माझ्या अंगाची लाही लाही झाली.

मग पहिल्याने विचारलं. मला नाही, त्याला.

"हिका घेवन जाव काय रे?"

मी माझ्या आताच्या नवऱ्याच्या तोंडाकडे पाहत राहिले. खोटी शपथही मी गिळली असती. त्याने फक्त नाही म्हणावं, एवढंच मला हवं होतं. तो भिंतीकडे बघून म्हणाला, "तुझीच ती. घेवन जा."

"उठा," मी म्हटलं. "दोघांनी भायर जावा."

बाहेर कर्फ्यू आहे, पोलीस गोळी घालतील, असं दुसरा कुरकुरला. घालू देत, मी म्हटलं आणि दोघे बाहेर पडताच कडी लावली.

चाळीतल्या बायका किती दिवस समजावत होत्या, की बाप्याची जात, चुकतो, घे घरात. मी घेतला नाही. पहिला कुठे गेला, मी विचारलं नाही. दुसरा परळला पुतण्याकडे असतो. अजून कधी बाजारात समोरून येतो. मी रस्ता बदलत नाही, तो बदलतो.