हाकेला ओ

आमच्या मुलीला सगळी गल्ली टकळी म्हणते. लहानपणी हाक पुरी व्हायच्या आत ती ओ द्यायची. दुसऱ्याच्या मुलाला मारलेल्या हाकेलाही हिचीच ओ. शाळेतल्या बाई म्हणायच्या, "हजेरी घ्यायची सोयच नाही, सगळ्या वर्गाची ओ हीच देते." म्हणून तिनं थोरल्या पाटाचं काम धरलं तेव्हा तिची मावशी हसून बेजार झाली. "अगं, तिथं शिंकायचीसुद्धा बंदी! ही पोट फुटून मरेल."

थोरला पाट म्हणजे डोंगरावरच्या कुंडापासून आमच्या घराघरांतल्या तोट्यांपर्यंत आलेला दगडी बोगदा. त्याच्या पाण्यात तेज असतं. त्यावर आमचे दिवे लागतात, चुली तापतात. पाट आम्ही पवित्र मानतो. आत उतरणारी प्रत्येक बाई आधी उंबऱ्याला कपाळ टेकवते. पण तेजाला माणसं ओळखू येत नाहीत. त्याला कळते ती फक्त हाक आणि ओ. हाकेनं ते जागं होतं, आणि जिथून ओ येते तिकडे धावतं.

एरवी पाट भरून वाहत असला की तेज पातळ पसरलेलं असतं. तोटीशी बोललेलं वर कुंडाजवळच्या पाटवाल्यांच्या चौकीत ऐकू जातं, एवढंच. सफाईला पाणी अडवलं, की उरलेल्या गुडघाभर पाण्यात सगळं तेज गोळा होऊन निजतं. त्या दिवशी घरातली हाक आत जाऊ नये म्हणून घरोघरी तोट्यांना ओल्या फडक्यांचे बोळे बांधतात आणि पाटवाल्या लाकडी खरवडण्या घेऊन अनवाणी आत शिरतात.

त्यांच्या मुकादमबाईंचा डावा हात वितळलेल्या मेणासारखा दिसतो. तरुणपणी त्यांनी आत एकदा ओ दिली होती. मी त्यांना विचारलं होतं, "आमच्या बडबडीला कशाला घेताय?"

"मुळातच गप्प असणारी आत गाफील राहते," त्या म्हणाल्या. "ही सारखी जीभ धरून राहील."

टकळीच्या बाबांना मात्र करमेना. दुपार झाली की ते तोटीशी वाकायचे. "टकळे, जेवलीस का?" चौकीतून लगेच उत्तर, "ओ बाबा, जेवले! तू?"

"अहो, तिथल्या बायका हसत असतील," मी म्हणायचे.

"हसू देत. जेवून हसल्या म्हणजे झालं."

परवा मी गच्चीवर कपडे वाळत घालत होते. सहज वर पाहिलं तर चौकीच्या मनोऱ्यावर पांढरं फडकं चढलेलं. सफाईची खूण. वार सफाईचा नव्हता, घरोघरी सांगायला कुणी आलं नव्हतं. पाटात दगड ढासळून वाट तुंबली होती आणि बायकांना घाईनं उतरवलं होतं, हे नंतर कळलं. त्या क्षणी मला एवढंच कळलं की दुपार झाली आहे. मी कपडे टाकून जिन्याकडे धावले. अर्ध्या जिन्यात असताना खालून आवाज आला.

"टकळे, जेवलीस का?"

मी स्वयंपाकघरात शिरले तेव्हा तोटीच्या तोंडाशी निळा उजेड थरथरत होता. तेज जागं झालं होतं. आणि जन्मात पहिल्यांदा आमच्या मुलीची ओ आली नव्हती.

"ऐकू गेलं नाही वाटतं," म्हणून हे पुन्हा वाकले. मी त्यांच्या तोंडावर हात दाबला आणि खिडकीतून मनोरा दाखवला. त्यांनी ओट्याची कड धरली.

भर दुपारी दिवे फटफटीत पेटलेले पाहून गल्लीला उमगलं. ओठांवर बोट ठेवून बायका या दारातून त्या दारात निरोप नेऊ लागल्या. समोरच्या सुनेनं रडू पाहणारं पोर पदराखाली घेतलं. कुणीतरी कुत्र्याचं तोंड धरून बसलं. मला ओरडावंसं वाटत होतं, "बोलू नकोस गं!" आणि तेवढंच करायचं नव्हतं.

उजेड विझेना. तोटीतून श्वास ऐकू येऊ लागला. लहानपणी दम्यानं रात्र रात्र मांडीवर घेऊन बसलेली पोर माझी, तिचा श्वास मला कळतो. तो अडखळला. मग घशातून काहीतरी उठलं, अगदी ओठांपर्यंत आलं, आणि कुणीतरी ते मुठीत धरावं तसं थांबलं. पुन्हा उठलं.

यांनी माझा हात तोंडावरून काढला. दोन्ही तळव्यांनी तोटी घट्ट धरली आणि स्वच्छ आवाजात म्हणाले, "ओ."

भिंतीतली नळी सापासारखी वळवळली. तोटी उडाली, कढत पाणी छताला लागलं, घरातला एकूण एक दिवा फुटला. हे जमिनीवर पडले होते. तळव्यांकडे बघवत नव्हतं.

संध्याकाळी मुकादमबाई टकळीला घेऊन आल्या. हुंदके देत ती बाबांच्या पायाशी बसली. बाई रागातच होत्या. "गप्प राहिला असतात तरी ती तरली असती."

"खात्री होती तुम्हाला?" यांनी विचारलं.

बाईंनी टकळीकडे पाहिलं. टकळीनं मान खाली घातली.

रात्री बाबांना घास भरवताना ती म्हणाली, "हाकही तूच मारायची, ओही तूच द्यायची. मग मी काय करायचं?" हे हसले. मीही हसले.

पण तेव्हापासून ती ओ देत नाही. हाक मारली की उठून येते आणि समोर उभी राहते. बाई खूश आहेत. "आता झाली पाटवाली," म्हणाल्या. घर असं गप्प कधी नव्हतं.

आज दुपारी तिचा डोळा लागला होता. मला राहवलं नाही. दारातून अगदी हळू म्हटलं, "टकळे?"

"ओ," ती झोपेतच म्हणाली.

मला बरं वाटलं, आणि लगेच आठवलं. अर्धवट राहिलेली सफाई उद्या आहे. ती उतरणार आहे, पहिल्या तुकडीतच. संध्याकाळी नवीन तोटीला मी बोळा बांधला. पट्ट्या गुंडाळलेले हात मांडीवर ठेवून हे बघत होते.

"आणखी एक गाठ मार," म्हणाले.